नाव ग्राक, पगार प्वारिएचा

पॅरिसमध्ये द्रुआँ नावाचं एक रेस्टॉरंट आहे. दरवर्षी हिवाळ्याच्या तोंडावर गाँकूर अकादमीचे दहा परीक्षक तिथे जेवायला जमतात आणि त्या वर्षीची मानाची फ्रेंच कादंबरी जाहीर करतात. 3 डिसेंबर 1951 ला त्यांनी जे नाव जाहीर केलं, त्या लेखकाने काही दिवस आधीच एका साप्ताहिकाला पत्र लिहून कळवलं होतं की, मी या पुरस्काराचा उमेदवार नाही आणि दिलात तरी घेणार नाही. परीक्षकांनी तरीही दिला. त्याने खरंच घेतला नाही. गाँकूरला 'नको' म्हणणारा हा पहिलाच लेखक. फ्रेंच विचारवंत-लेखक सार्त्रने नोबेल नाकारलं ते यानंतर 13 वर्षांनी.

या लेखकाचं नाव ज्युलियाँ ग्राक. वय तेव्हा 41. पुढची 56 वर्षं तो जगला आणि त्या सगळ्या काळात 'गाँकूर नाकारणारा' ही ओळख त्याच्या मागे लागली. जोडीला दुसरी ओळखही आली, एकांतवासी, गूढ, ल्वार नदीकाठचा संन्यासी. टीव्हीच्या पडद्यावर यायचं नाही, साहित्यिक मेजवान्यांना जायचं नाही, पुस्तकं स्वस्त खिशाच्या आवृत्तीत काढू द्यायची नाहीत. आपल्याकडे अशा माणसाला एका शब्दात निकालात काढतात, माणूसघाणा.

मला हा शब्द त्याच्या बाबतीत पटत नाही. ग्राकच्या एकांतात गूढ फारसं नव्हतं. त्या एकांतामागे एक साधी व्यवस्था होती आणि ती शाळामास्तराच्या पगारावर चालत होती.

ज्युलियाँ ग्राक हे टोपणनाव. खरं नाव लुई प्वारिए. जन्म 27 जुलै 1910, गाव सँ-फ्लोराँ-ल-व्हिएय. पश्चिम फ्रान्समध्ये नाँत आणि अँजे या दोन शहरांच्या मधे, ल्वार नदीच्या उंच कड्यावर हे गाव वसलं आहे. घरचा धंदा सुया-दोरे-बटणांच्या घाऊक व्यापाराचा. पोरगा हुशार. अकराव्या वर्षी त्याला नाँतच्या सरकारी शाळेच्या वसतिगृहात टाकलं आणि तिथून तो पॅरिसच्या एकोल नॉर्माल सुपेरिएरला पोचला. फ्रान्समधली ही प्राध्यापक-विचारवंत घडवणारी अव्वल संस्था. तिथे त्याने साहित्य न घेता भूगोल घेतला. एमानुएल द मार्तोन हे त्या काळातले मोठे भूगोलतज्ज्ञ त्याचे गुरू. 1934 साली इतिहास-भूगोलाच्या अध्यापनाची देशपातळीवरची कठीण परीक्षा तो पास झाला. त्याच वर्षी भूगोलाच्या एका नामांकित नियतकालिकात त्याचा दक्षिण आंजू भागातल्या जमिनीवरचा लेख छापून आला, अर्थातच प्वारिए या नावाने.

मग नोकरी. नाँत, कँपेर, आम्यँ, काँ अशी गावं झाली आणि 1947 पासून पॅरिसच्या क्लोद-बेर्नार लिसेमध्ये तो स्थिरावला. लिसे म्हणजे आपल्याकडच्या वरच्या इयत्तांचं विद्यालय. 1970 साली निवृत्त होईपर्यंत तो तिथेच इतिहास-भूगोल शिकवत राहिला. ज्या वर्षी त्याने गाँकूर नाकारला, त्या वर्षीही सोमवारी सकाळी वर्गात हजेरी घेणारे 'मस्य प्वारिए', म्हणजे प्वारिए सर, हेच होते.

आता कँपेरमधला हा मास्तर बघा. बुद्धिबळाचा नाद असलेला आणि तिथल्या बुद्धिबळ मंडळात रमलेला. 1936 पासून कम्युनिस्ट पक्षाचा सदस्य, शिक्षक संघटनेचा पदाधिकारी, 1938 च्या संपात उतरलेला. ऑगस्ट 1939 मध्ये हिटलर आणि स्टालिनचा करार झाला तेव्हा त्याने पक्ष सोडला आणि मग आयुष्यात कुठल्याच पक्षात गेला नाही. माणसांचा तिटकारा असलेला माणूस संघटनेच्या बैठकांना कशाला बसेल? त्याला गर्दीचं वावडं नव्हतं. लेखक म्हणून गर्दीसमोर उभं राहणं तेवढं त्याला नको होतं.

टोपणनावही याच व्यवस्थेचा भाग. 'ज्युलियाँ' हे फ्रेंच कादंबरीकार स्तांदालच्या नायकाचं नाव, 'ग्राक' हे प्राचीन रोममधल्या ग्राकुस या सुधारक बंधूंवरून आलेलं. 1938 साली पहिली कादंबरी आली तेव्हा त्याने हे नाव घेतलं. कारण त्याला शिक्षकाचा पेशा आणि लेखन एकमेकांत मिसळू द्यायचं नव्हतं. कारकुनी वाटावी इतकी साधी ही वाटणी. भूगोलावरचे लेख प्वारिएच्या खात्यात, कादंबऱ्या ग्राकच्या खात्यात. घरभाडं प्वारिए भरणार, त्यामुळे ग्राकला कुणाच्या मर्जीवर जगायची गरज उरणार नाही.

ही पहिली कादंबरी म्हणजे 'आर्गोलचा किल्ला'. ब्रिटनीच्या किनाऱ्यावरच्या एका किल्ल्यात दोन मित्र आणि एक बाई, बाकी सगळं जंगल, समुद्र आणि वादळ. गालिमार या फ्रान्सच्या सर्वांत वजनदार प्रकाशनाने हस्तलिखित परत पाठवलं. जोसे कॉर्तीने ते छापलं. लक्झेंबुर्ग बागेसमोर मेदिसी रस्त्यावर त्याचं छोटंसं पुस्तकांचं दुकान होतं, तेच प्रकाशन. छपाईच्या खर्चात लेखकानेही वाटा उचलला. खप नगण्य. पण अतिवास्तववादी चळवळीचा म्होरक्या आंद्रे ब्रताँने ती वाचली आणि तो भारावून गेला. कुणाही नवख्या लेखकाचं डोकं अशा वेळी फिरलं असतं. ग्राकने मैत्री केली, पुढे 1948 साली ब्रताँवर अख्खं पुस्तक लिहिलं, पण त्याच्या गटात कधी सामील झाला नाही. आणि गालिमारने नाकारलेला हा लेखक पुढे मोठा झाला तरी नवीन पुस्तकं कॉर्तीकडेच देत राहिला.

कॉर्तीच्या पुस्तकांबद्दल थोडं सांगायला हवं, त्यावरून बऱ्याच गोष्टी उलगडतात. छापखान्यात मोठा कागद दोन्ही बाजूंनी छापून त्याच्या घड्या घालतात आणि मग कडा कापून पानं सुटी करतात. कॉर्ती कडा कापतच नसे. पुस्तक घरी आणायचं, कागद कापायची बोथट सुरी घ्यायची, चार पानं कापायची, वाचायची, पुन्हा कापायची. दुकानात उभ्या उभ्या चाळून शेवट बघायची सोय नाही. ग्राकची पुस्तकं अशीच निघत राहिली, जग पॉकेटबुकांकडे वळलं तरीसुद्धा. कुणाला हा निव्वळ नखरा वाटेल. मलाही आधी तसंच वाटलं होतं. पण त्याची कादंबरी ज्या गतीने वाचावी लागते, ती गती ही सुरी आपोआप लावून देते.

आता पुरस्काराकडे येऊ, कारण तो नकार ऐनवेळी आलेली लहर नव्हती.

गाँकूर पुरस्कार एदमाँ द गाँकूर या लेखकाच्या मृत्युपत्रातून जन्मला आणि 1903 पासून दिला जातो. मूळ कल्पना अशी की, होतकरू लेखकाला वर्षभर निवांत लिहिता यावं एवढे पैसे हाती पडावेत. पुढे चलनाची किंमत घसरत गेली. आज त्याचा धनादेश 10 युरोचा असतो, लोक तो फ्रेम करून भिंतीवर लावतात. पण पुस्तकाला 'गाँकूर' लिहिलेली लाल पट्टी गुंडाळली की त्याचा खप कित्येक पटींनी वाढतो. खरी रक्कम त्या पट्टीत आहे. त्यामुळे दर वर्षी सप्टेंबर ते नोव्हेंबर फ्रान्समध्ये जे चालतं त्याला मोसमच म्हणावं लागेल. प्रकाशक आपापले घोडे मैदानात उतरवतात, परीक्षकांना गाठतात, वृत्तपत्रं पैजा लावल्यासारखी नावं छापतात.

जानेवारी 1950 मध्ये, म्हणजे पुरस्काराच्या जवळजवळ दोन वर्षं आधी, ग्राकने या सगळ्यावर एक जळजळीत पुस्तिका लिहिली. अल्बेर काम्यू ज्याच्या संपादकांत होता त्या 'आंपेदोक्ल' मासिकात ती आली आणि मग कॉर्तीने काढली. शीर्षक 'ला लितेरात्यूर आ लेस्तोमाक', शब्दशः 'पोटाच्या जोरावर साहित्य'. फ्रेंचमध्ये एखादी गोष्ट पोटाच्या जोरावर करणं म्हणजे अंगात तेवढं नसताना आव आणून रेटून नेणं. आपण म्हणतो ना, 'दामटून नेलं'. तसं.

त्यातली तक्रार थोडक्यात अशी. फ्रान्समध्ये लोक वाचतात त्याच्या कितीतरी पट अधिक पुस्तकांबद्दल बोलतात. सुशिक्षित माणसाचं प्रत्येक गाजत्या लेखकाबद्दल मत असलंच पाहिजे. पुस्तक वाचलेलं नसलं तरी चालेल, मत हवं. मग लेखकालाही कळून चुकतं की, वाचलं जाण्यापेक्षा सतत चर्चेत असणं महत्त्वाचं. तो दर वर्षी काहीतरी बाहेर काढतो, मुलाखती देतो, आपली जागा राखून ठेवतो. पुस्तक मागे पडतं आणि लेखकाचा चेहरा पुढे येतो. लिहिलं गेलं 1950 साली. टीव्ही तेव्हा फ्रान्समध्ये मोजक्या घरांत होता आणि आपल्या खिशातला मोबाईल तर कुणाच्या स्वप्नातही नव्हता.

या पुस्तिकेमागे जखमही होती, हे लपवण्यात अर्थ नाही. 1949 साली त्याचं 'मासेमार राजा' हे नाटक पॅरिसच्या माँपार्नास नाट्यगृहात आलं. विषय ग्रेलचा, म्हणजे ख्रिस्ती आख्यायिकांमधल्या पवित्र प्याल्याचा शोध. मारिया कासारेससारखी नावाजलेली अभिनेत्री त्यात होती. समीक्षकांनी नाटक झोडपून काढलं. काही महिन्यांतच ही पुस्तिका आली. तेव्हा कुणी म्हणालं की ही दुखावलेल्या लेखकाची तणतण आहे, तर तेही अगदी खोटं नाही. पण तणतण दोन वर्षांत ओसरते. ग्राकने मोठी किंमत मोजायची वेळ आली तेव्हाही शब्द फिरवला नाही. नुकतंच ज्या व्यवस्थेला त्याने चार लोकांत शिव्या घातल्या होत्या, तिचाच सर्वोच्च मान डिसेंबर 1951 मध्ये त्याच्या दारात आला. घेतला असता तर ती पुस्तिका आयुष्यभर त्याला वाकुल्या दाखवत राहिली असती.

गंमत म्हणजे नकाराचाच एवढा गाजावाजा झाला की पुस्तक तडाखेबंद खपलं. बातमीदार मागे लागले. जी प्रसिद्धी टाळायची होती ती नकारामुळेच पदरात पडली. अकादमीचं म्हणणं असं की, आम्ही पुरस्कार देऊ करत नाही, आम्ही तो बहाल करतो, घेणाऱ्याच्या होकाराचा प्रश्नच येत नाही. म्हणून 1951 च्या यादीत आजही ग्राकचंच नाव आहे. त्या वेळी अकादमीच्या अध्यक्ष होत्या थोर लेखिका कोलेत.

मराठी वाचकाला इथे जी. ए. कुलकर्णी आठवणारच. धारवाडच्या कॉलेजात इंग्रजी शिकवणारे, सभा-संमेलनांपासून चार हात दूर राहणारे आणि साहित्य अकादमीचा पुरस्कार परत करणारे. पण साम्य वरवरचं आहे. जी. एं.चा प्रश्न पुस्तकाच्या प्रकाशन-तारखेवरून उठलेल्या वादाचा होता, ग्राकचा विरोध पुरस्कारांच्या सगळ्या यंत्रणेलाच होता. खरं साम्य पगारात आहे. दोघांनाही महिनाअखेरीस लेखनाकडे हात पसरावा लागत नव्हता.

आणि गाँकूर मिळालेली ती कादंबरी कोणती? 'सिर्तचा किनारा'. ग्राक कठीण लेखक म्हणून ओळखला जातो तो मुख्यतः या पुस्तकामुळे. मी स्वतः पहिल्या खेपेला चाळीसेक पानांवर ती मिटून ठेवली होती.

गोष्ट सांगायला सोपी आहे. ओर्सेना नावाचं एक काल्पनिक जुनं प्रजासत्ताक, उतरती कळा लागलेल्या व्हेनिसची आठवण करून देणारं. समुद्रापलीकडे फारगेस्तान हा शत्रू देश. दोघांत 300 वर्षांपासून युद्ध चालू आहे, म्हणजे कागदोपत्री. शेवटची लढाई कधी झाली हे कुणाच्या लक्षातही नाही आणि तह करायची तसदीही कुणी घेतलेली नाही. आल्दो हा खानदानी तरुण सिर्तच्या ओसाड किनाऱ्यावरच्या नाविक ठाण्यावर निरीक्षक म्हणून जातो. तिथला कप्तान मारिनो भला माणूस आहे आणि त्याला एकच गोष्ट हवी आहे, काहीही घडू नये. सैनिकांना तो आसपासच्या शेतांवर मजुरीला पाठवतो. ठाण्यात एक नकाशांची खोली आहे. आल्दो तिथे तासन् तास बसतो. नकाशावर समुद्रात एक रेघ आहे, गस्तीच्या जहाजांनी ती ओलांडायची नाही.

पुढे काय होणार हे तुम्ही ओळखलंच असेल. आल्दो ती रेघ ओलांडतो. पण ओलांडेपर्यंत अर्ध्याहून अधिक पुस्तक संपलेलं असतं. पलीकडच्या ज्वालामुखीजवळ जहाज पोचतं, किनाऱ्यावरून तोफेचे तीन बार होतात, गोळे लागत नाहीत, जहाज परत फिरतं. झालं. युद्ध कादंबरीत येतच नाही. पुस्तक संपतं तेव्हा ते दाराशी उभं असतं. फक्त मधेच एका ठिकाणी निवेदक आल्दो आपला देश जळून खाक झाल्याचं ओझरतं बोलून जातो, तेवढ्यावरून काय ते समजायचं.

मग सगळी पानं भरली आहेत कशाने? वाट पाहण्याने. या देशाला आपलं म्हातारपण असह्य झालं आहे. काहीतरी घडावं, मग ते वाईट का असेना, ही इच्छा हळूहळू सगळ्यांत झिरपते. बाजारात अफवा उठतात, प्रवचनांचा सूर बदलतो, सरदार घराण्यातली व्हानेसा आल्दोला डिवचते आणि राजधानीतले म्हातारे राज्यकर्ते चक्क दुसरीकडे बघतात. आल्दोने रेघ ओलांडली खरी, पण शेवटी आपल्याला कळतं की त्याला तिकडे जाऊ देणारे हात वर बसलेले होते.

ग्राकने स्वतः एके ठिकाणी या कादंबरीचा हेतू सांगितला आहे. द्राक्षाच्या दारूपासून जसा अर्क काढतात, तसा त्याला इतिहासाचा अर्क काढायचा होता. अमुक सालचा तमुक देश नको. देश संकटाकडे ज्या गुंगीत चालत जातात ती गुंगी तेवढी गाळून घ्यायची. 1930 च्या दशकात तरुण असलेल्या फ्रेंच माणसाने ती गुंगी डोळ्यांनी पाहिली होती. म्हणून नावं खोटी, नकाशा खोटा आणि हवा मात्र तंतोतंत खरी.

इथेच भूगोलाचा मास्तर कामाला येतो. बहुतेक कादंबऱ्यांत निसर्ग म्हणजे नाटकातला मागचा पडदा. पात्रं पुढे बोलतात, मागे सूर्य मावळतो. ग्राककडे उलट आहे. जमीन आधी बोलते, माणसं तिचं ऐकतात. त्याचा 1934 चा लेख ज्या प्रदेशावर होता, तिथे दोन प्रकारचे मुलूख शेजारी शेजारी आहेत. एकीकडे 'बोकाज', म्हणजे उंच कुंपणझाडांनी तोडलेली लहान लहान शेतं, जिथे पन्नास पावलांपलीकडचं दिसत नाही. दुसरीकडे उघडं सपाट मैदान. या दोहोंची सीमा जिथे येते तिथे माणसाच्या छातीत काहीतरी बदलतं, नजर मोकळी होते किंवा कोंडते. ग्राकच्या कादंबऱ्या अशा सीमांवर घडतात. जंगलाची कड, किनारा, सरहद्द, युद्धाच्या आधीचा महिना. त्याची लांबलचक, वळणं घेणारी वाक्यंही अशीच चालतात. पायवाट जशी टेकडीला वळसा घालून जाते तसं वाक्य उपमा घेत, मधेच एखादा शब्द तिरप्या टाइपात झुकवून पुढे सरकतं. घाईने वाचलं तर धाप लागते. मी दुसऱ्या खेपेला रोज दहा पानं अशी वाचली, तेव्हा कुठे जमलं.

ज्यांना सुरुवात करायची असेल त्यांनी मात्र 'सिर्त'ने करू नये. 1958 ची 'अरण्यातला सज्जा' घ्यावी. माझ्या मते त्याचं सर्वांत सुंदर पुस्तक हेच. दोन्ही कादंबऱ्या रिचर्ड हॉवर्डच्या इंग्रजी अनुवादात मिळतात.

या दुसऱ्या गोष्टीतला देश खरा आहे. सप्टेंबर 1939 मध्ये फ्रान्सने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारलं आणि मग आठ महिने पश्चिम आघाडीवर जवळपास काहीच झालं नाही. फ्रेंच लोक या काळाला 'विचित्र युद्ध' म्हणतात. बेल्जियमच्या सीमेवर आर्देनचं दाट जंगल आहे. त्यातून रणगाडे येणं अवघड, म्हणून फ्रेंच सेनापतींनी तिथे बंदोबस्त कमी ठेवला होता. त्या जंगलात एका काँक्रीटच्या चौकीवर ग्रांज नावाचा तरुण अधिकारी आणि त्याचे तीन सैनिक राहतात. खाली बंदूक रोखायची खोली, वर राहायचं घर. बर्फ पडतं. सैनिक शिकार करतात, कॉफी पितात. जवळच्या वस्तीत मोना नावाची तरुण विधवा ग्रांजला भेटते. त्याला तिथून बदली सुचवली जाते, तो नको म्हणतो. आपण मरणाच्या वाटेवर बसलो आहोत हे त्याला कुठेतरी ठाऊक असतं, आणि तरी इतकं सुख त्याला कधी लाभलेलं नसतं.

10 मे 1940 ला जर्मन सैन्य नेमकं आर्देनमधून आलं. शेवटची पानं मी इथे सांगत नाही. एवढंच सांगतो की त्यात एकही मोठा शब्द नाही, आणि एक पांघरूण आहे.

ग्राक स्वतः त्या युद्धात लेफ्टनंट होता, पण आर्देनमध्ये नव्हे. तो डंकर्कजवळ पकडला गेला. जर्मन छावणीत फुप्फुसाच्या दुखण्याने आजारी पडला आणि 1941 मध्ये सुटून आला. आर्देन त्याने नंतर पायी हिंडून पाहिलं. मास्तर क्षेत्रभेटीला जातो तसंच. युद्धाच्या त्याच्या स्वतःच्या आठवणी वहीत होत्या. त्या त्याने हयातभर छापल्या नाहीत. 2011 साली, मृत्यूनंतर चार वर्षांनी, त्या बाहेर आल्या.

या कादंबरीनंतर तो कादंबरीकार म्हणून जवळजवळ थांबला. एकूण कादंबऱ्या चारच. एक मोठी कादंबरी 1950 च्या दशकात अर्धवट सोडून दिली होती, तीही 2014 मध्ये निघाली. पुढची चाळीस वर्षं त्याने लिहिले ते तुकडे, रस्त्यांवर, पुस्तकांवर, नद्यांवर, आठवणींवर. समीक्षक त्याच्या कादंबऱ्यांना वरचं पान देतात, पण मला हे तुकडे अधिक जवळचे वाटतात. 1976 चं 'अरुंद पाणी' घ्या. गावाजवळून वाहत येऊन ल्वारला मिळणारी एव्ह्र नावाची एवढीशी उपनदी. लहानपणी नावेतून तिथे सहलीला जायचे, तेवढीच ती सहल. पुस्तकही छोटंसंच. नाव पुढे सरकते आणि प्रत्येक वळणावर त्याला वाचलेलं काहीतरी आठवतं. एका ओढ्याएवढ्या नदीत माणसाचं सगळं वाचन मावतं. 1985 च्या 'शहराचा आकार' मध्ये नाँत आहे, आणि तेही वसतिगृहातल्या मुलाचं. आठवडाभर भिंतींच्या आत, बाहेर सोडणार ते सुटीच्या दिवशी. म्हणून शहर त्याने पायांनी कमी आणि कल्पनेने अधिक पाहिलं. ट्रामच्या आवाजावरून, भिंतीपलीकडच्या झाडांवरून त्याने आपलं वेगळंच नाँत उभारलं. याच शहरात ज्यूल व्हर्न जन्मला होता, आणि ग्राकच्या बालपणीचा आवडता लेखक तोच. भा. रा. भागवतांमुळे ज्यूल व्हर्नवर वाढलेल्या मराठी वाचकाला या ठिकाणी ग्राक एकदम शेजारचा वाटू लागेल. पुढची यादी त्याने स्वतःच दिली आहे. बाराव्या वर्षी एडगर अॅलन पो, पंधराव्या वर्षी स्तांदाल, अठराव्या वर्षी संगीतकार वाग्नर, बाविसाव्या वर्षी ब्रताँ.

1989 मध्ये त्याचं समग्र लेखन 'प्लेयाद' मालेत यायला सुरुवात झाली. बायबलच्या कागदासारख्या पातळ पानांची, चामड्याच्या बांधणीची ही माला म्हणजे फ्रेंच अभिजात लेखकांची पंगत. हयात लेखकाला तिथे पान क्वचितच वाढतात. ही माला कुणाची? गालिमारची. 1938 च्या त्या नकाराचं असं उट्टं निघालं. हा मान ग्राकने नाकारला नाही. विसंगती म्हणायची? मला वाटत नाही. प्लेयादमध्ये पुस्तक टिपांसहित नीट छापलं जातं आणि लेखकाला टेबलावर बसून फोटो काढून घ्यावे लागत नाहीत.

निवृत्तीनंतर तो हळूहळू गावी परतला आणि जन्मघरातच बहिणीसोबत राहिला. लग्न केलेलं नव्हतं. वाचकांच्या पत्रांना तो स्वतःच्या हाताने उत्तरं लिहायचा आणि वेळ ठरवून आलेल्या माणसांना भेटायचा. बातमीदारांना वाटणारा 'संन्यासी' गावकऱ्यांना रोज नदीकाठाने फिरायला जाणारा म्हातारा होता. 22 डिसेंबर 2007 ला, वयाच्या 97 व्या वर्षी, तो अँजेच्या इस्पितळात वारला.

घर त्याने गावाला दिलं. आज तिथे लेखक येऊन राहतात आणि लिहितात. हस्तलिखितं राष्ट्रीय ग्रंथालयाला गेली. त्यातल्या काही वह्यांबद्दल त्याची अट होती की मृत्यूनंतर वीस वर्षं त्या छापायच्या नाहीत. ती मुदत डिसेंबर 2027 मध्ये संपते. तोवर थांबावं लागेल.